स्टेभाऊ

बदलीचा आदेश आपण सगळे वरून खाली वाचतो. स्टेभाऊ खालून वर वाचतात. आधी 'प्रत माहितीसाठी सादर'ची यादी, मग सही, सहीखालचं पदनाम, तिथून वर सरकत 'वाचा' या शब्दाखालचे संदर्भ, आणि सगळ्यात शेवटी ज्याची बदली झाली त्याचं नाव.

"नाव काय बघायचं? माणूस तर समोर बसलाय तोंड पाडून," ते म्हणतात. "सही बघ. सहा नंबरच्या कलमाखाली याला अधिकारच नाय. आनि वाचामध्ये नागरी सेवा मंडळ कुठंय? मंडळाची बैठकच झाली नाय! रडतोस काय, पेढे आन."

सेवापुस्तकात त्यांचं वेगळं नाव आहे, पण कोनगावात ते कोणाला सांगितलंत तर पत्ता सापडणार नाही. स्टेभाऊंचं घर कुठे विचारलंत तर रिक्षावाला थेट दारात सोडतो. कल्याणहून दुर्गाडीचा पूल ओलांडून खाडीच्या या अंगाला आलं की भिवंडी तालुका सुरू होतो आणि पहिलं गाव लागतं ते कोन. एका बाजूला खाडी, दुसऱ्या बाजूला गोदामांकडे निघालेले कंटेनर. रस्त्यात गेली, नाहीतर भावकीत अडकली, अशी जमिनीची एखादी तारीख इथे बऱ्याच घरांत चालू असते. त्यामुळे कोर्टात जाणारा माणूस हे काही गावाला नवल नाही. नवल एवढंच की बाकीचे जमिनीसाठी भांडतात आणि स्टेभाऊ खुर्चीसाठी, तीही सरकारच्या मालकीची, एक हात मोडलेली.

कार्यालयाचं नाव मी सांगत नाही. जिल्ह्यात पाच-सहा ठिकाणी शाखा असलेलं एक खातं आहे आणि स्टेभाऊ त्यात लिपिक आहेत, एवढं पुरे. भिवंडी, कल्याण आणि ठाणे या तीन ठिकाणांना त्यांचा कधीच विरोध नव्हता. तिथून रात्री जेवायला घरी येता येतं. विरोध फक्त मुरबाडला.

आता ज्यांना भूगोल माहीत आहे ते इथेच हसतील. कल्याणहून मुरबाड तीसेक किलोमीटर. एसटी आहे, जीप आहेत, रस्ता बरा आहे. आणि मुरबाडची बदली थांबवण्यासाठी ज्या मॅटमध्ये, म्हणजे सरकारी कर्मचाऱ्यांच्या न्यायाधिकरणात, जावं लागतं ते दक्षिण मुंबईत. कल्याणहून सीएसएमटीच त्रेपन्न-चोपन्न किलोमीटर, त्यापुढे बस किंवा पायपीट. म्हणजे तीस किलोमीटर जावं लागू नये म्हणून हा गृहस्थ वर्षानुवर्षं साठ किलोमीटर जात आला. मी एकदा हे त्यांना कागदावर मांडून दाखवलं. त्यांनी कागद नीट घडी करून परत दिला आणि म्हणाले, "प्रश्न मुरबाडचा नाय. प्रश्न चार-पाचचा आहे."

चार-पाच म्हणजे बदल्यांच्या कायद्यातलं कलम ४, पोटकलम ५. स्टेभाऊंच्या घरात घड्याळाच्या वेळा चार-दहा किंवा पाच-पाच अशाच सांगाव्या लागतात. "चार-पाचला येतो" म्हटलं की ते पुस्तक काढतात. कलम असं आहे की नेमणुकीचा सर्वसाधारण कालावधी, म्हणजे तीन वर्षं, संपण्याआधी कोणाला हलवायचं असेल तर ते खास प्रकरण असलं पाहिजे, कारण लेखी नोंदवलं पाहिजे आणि वरच्या अधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेतली पाहिजे. त्याच्या आधीचं चार-चार सांगतं की बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात. गट क मधल्या, मंत्रालयाबाहेरच्या कर्मचाऱ्याला एका कार्यालयात दोन पूर्ण कालावधी मिळतात, म्हणजे सहा वर्षं. शिपाई वगैरे गट ड मधल्यांना तर कालावधीच नाही. विनंती, आपसातली अदलाबदल किंवा गंभीर तक्रार सिद्ध झाल्याशिवाय त्यांना गावाबाहेर हलवता येत नाही. आपल्याला लिपिकाची परीक्षा पास व्हायची दुर्बुद्धी सुचली याचं दुःख स्टेभाऊंना हे कलम वाचताना दर वेळी होतं.

हा कायदा येण्याआधी ते असे नव्हते. नव्वदच्या दशकात जव्हारला बदली झाली तेव्हा ट्रंक उचलून गेले. जव्हार तेव्हा ठाणे जिल्ह्यातच होतं. पावसात घाट, रात्री अंधार, आणि कार्यालयात पाचपैकी दोन माणसं. आदिवासी भागात ज्याला पाठवायचं तो येत नाही, आणि आलेल्याला सोडायचं तर बदली माणूस मिळत नाही. स्टेभाऊ कुरकुर न करता तीन वर्षं राहिले. सुटका झाली तीही विनवण्या करून आणि एका पुढाऱ्याच्या चिठ्ठीने. त्या चिठ्ठीसाठी पुढाऱ्याच्या ओट्यावर जे बसावं लागलं ते त्यांना लागलं. "ओट्यावर बसन्यापरीस कोर्टाच्या बाकावर बसलेला बरा," हे त्यांचं वाक्य मला आजही पटतं, आणि त्यांच्या सगळ्या वेडेपणात मला त्यांच्याबद्दल जो आदर आहे तो या वाक्यापुरता आहे. कारण बदली हा खरोखरच धंदा होता. कोणाला कुठे टाकायचं, कोणाला कुठे 'चांगली जागा' द्यायची, याची दुकानदारी मोडावी म्हणून अण्णा हजाऱ्यांनी आंदोलन लावून धरलं, आणि सरकारने कायदा केला. १ जुलै २००६ पासून तो लागू झाला. जव्हारच्या ट्रंकेचं तोंड स्टेभाऊंनी त्या दिवशी बंद केलं. आता तिच्यात फक्त निकालपत्रं असतात.

१ ऑगस्ट २०१४ ला ठाणे जिल्हा तोडून पालघर वेगळा झाला. जव्हार आणि मोखाडा तिकडे गेले. त्या दिवशी सकाळी स्टेभाऊंनी गावात पेढे वाटले. जिल्हा विभाजनाची मागणी कित्येक वर्षांची, तिच्यामागे केवढी कारणं! पण स्टेभाऊंच्या मते शासनाने त्यांच्या जव्हारच्या फाइलीची उशिरा का होईना दखल घेतली होती.

उरलं मुरबाड. मुरबाडला एवढा विरोध का, हे वहिनींनी एकदा चहा गाळता गाळता सांगितलं. "माझं माहेर हाय ना तिथं. तिथल्या ऑफिसात गेले की दुपारचं जेवन सासुरवाडीला. माझा मोठा भाऊ रोज विचारनार, आज किती फाइली काढल्या. माझ्या माहेरी जायला यांना मॅटचा स्टे लागतो!"

स्टेभाऊंनी ऐकू न आल्यासारखं करून वर्तमानपत्र उलटं धरलं.

मे महिना जवळ आला की त्यांचं रूप पालटतं. जानेवारीत बदलीपात्र कर्मचाऱ्यांची यादी करायची असते, तिची प्रत ते माहितीच्या अधिकारात आधीच मिळवतात. मार्चमध्ये फाइलीला टॅग लावतात. एप्रिलपासून दर शुक्रवारी दुपारी तीननंतर ते कार्यालयात सापडत नाहीत. त्यांच्या शास्त्राप्रमाणे वाईट आदेश शुक्रवारी संध्याकाळीच निघतो. शनिवार-रविवार कोर्ट बंद, सोमवारी सकाळी दहाला नवा माणूस येऊन खुर्चीत बसतो, आणि अकराला तुमचा वकील उभा राहतो तेव्हा सरकारी बाजू सांगते की अर्जदार केव्हाच कार्यमुक्त झालेत आणि त्यांच्या जागी दुसरा रुजूही झालाय. बदलीच्या भांडणात अर्धी लढाई कायद्याची असते आणि अर्धी या शर्यतीची. म्हणून शुक्रवारी स्टेभाऊंची दाढ दुखते.

एका मे महिन्यात कार्यालयाने त्यांना गाठायचंच ठरवलं. संध्याकाळी शिपाई आदेश घेऊन कोनला आला. भाऊ घरात नाहीत, असं भाऊंनीच आतून सांगितलं. मग आदेश दारावर चिकटवायचा ठरला, पण शिपायाने खळ आणायचं राहून गेलं होतं. वहिनींनी गरम भाताची पेज दिली, वर चहा दिला, आणि कागद वाकडा लागला तेव्हा "जरा डावीकडं घ्या" असंही सांगितलं. शेजारच्या पोराने मोबाइलवर फोटो काढला. तो फोटो पुढे अर्जाला 'परिशिष्ट ई' म्हणून जोडला गेला, आणि त्यात दाराशी कोंबडी दिसते यावरून सादरकर्ता अधिकाऱ्यांनी काही बोलावं अशी भाऊंची फार इच्छा होती. ते काही बोलले नाहीत.

मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. १९९१ च्या जुलैत सुरू झालं. मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद (आताचं छत्रपती संभाजीनगर) अशी तीन खंडपीठं. मुंबईचं बरीच वर्षं फ्री प्रेस जर्नल मार्गावरच्या पे अ‍ॅण्ड अकाउंट्सच्या बराकींत भरायचं. राज्याचं आख्खं प्रशासन तिथे बाकावर येऊन बसतं. शेजारी फौजदार असतो, पलीकडे तहसीलदार, त्यापलीकडे वनक्षेत्रपाल, आणि एरवी जे आपल्या कार्यालयात कोणाला बसा म्हणत नाहीत ते तिथे सरकून जागा देतात. भाऊ तिथे रमतात. कोणत्या कोर्टात बोर्ड कितीपर्यंत आला, कोणाला 'स्टेनो कॉपी आणि हमदस्त' मिळालं, कोणाच्या अर्जाला 'जैसे थे' झालं, हे त्यांना वकिलांच्या कारकुनाआधी कळतं. नवख्या अर्जदाराला ते नुसतं कपाळ बघून विचारतात, "मुदतपूर्व की मध्यावधी?"

आणि त्यांचे नातेवाईक! म्हणजे निकालपत्रांतले. सुप्रीम कोर्टाच्या खटल्यांमधल्या लोकांबद्दल ते घरातल्या माणसांसारखं बोलतात. "आमचे पोशानी. गुजरात वीज मंडळात होते, सुरतेला. उकाईला बदली केली, गेलेच नाय. १९८९ ला सुप्रीम कोर्ट म्हनालं, बदली हा नोकरीचाच भाग, अडचन असेल तर अर्ज कर, पन आदेश थांबला नाय तर रुजू व्हायलाच हवं. नोकरीच गेली बिचाऱ्याची." मग शिल्पी बोस, १९९१. बिहारमधल्या शिक्षिका, नवऱ्यांच्या गावी बदली मागितली, मिळाली, आणि टिकलीही. "शिल्पीताई जिंकल्या, पन आपल्या बाजूने नाय जिंकल्या." मग अब्बास. शिलाँगला वनस्पती सर्वेक्षणाच्या बागेचे क्युरेटर, बदली थेट गढवालात पौरीला. बायकोची नोकरी शिलाँगमध्ये, मुलांच्या शाळा, पाठीचं दुखणं, सगळं सांगून झालं. १९९३ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलं, कोणाला कुठे पाठवायचं ते प्रशासनाने ठरवायचं. आणि सगळ्यांत थोरले रॉयप्पा, तमिळनाडूचे मुख्य सचिव! त्यांचीही बदली झाली आणि तेही १९७४ मध्ये हरले.

"भाऊ, हे तर सगळे पडलेले उमेदवार," मी म्हटलं.

भाऊंनी चष्मा काढला. "अब्बास का पडले? त्यांच्याकडे नुसत्या मार्गदर्शक सूचना होत्या. कोर्टानं सांगितलं, द्वेषबुद्धी दाखव नायतर कायद्याचं कलम मोडलेलं दाखव. त्यांच्याकडे कलम नव्हतं. आपल्याकडे चार-पाच आहे. हरलेल्या मानसाचा निकाल नीट वाचावा. दरवाजा कुठं राहिला ते त्यालाच कळतं."

हे बोलणं वकिलाच्या तोंडी शोभावं असं आहे, आणि कायद्याच्या दृष्टीने अगदी बरोबर आहे. देशात बहुतेक ठिकाणी बदली म्हणजे प्रशासनाची मर्जी, पण महाराष्ट्राने ती कायद्यात बांधली. म्हणूनच 'कारण नोंदवलं नाही, मान्यता घेतली नाही' एवढ्यावर इथल्या माणसाला न्यायाधिकरणात उभं राहता येतं. तिथे हरलं तर १९९७ च्या चंद्रकुमार निकालामुळे हायकोर्टाचं दार आहेच. भाऊ तिथेही दोनदा जाऊन आलेत. प्राचीन इमारत बघून यावं तशा श्रद्धेने ते त्याबद्दल बोलतात.

प्रतिवादी क्रमांक तीनबद्दल मात्र ते कमी बोलतात. बदल्या साखळीने होतात. मुरबाडचा माणूस भिवंडीला येणार, भिवंडीचे भाऊ मुरबाडला जाणार. भाऊंना स्टे मिळाला की तो मुरबाडचा माणूस अधांतरी. त्याची आई भिवंडीत आजारी होती, मुलगी बारावीला. तारखेच्या दिवशी तोही कल्याणहूनच गाडी पकडायचा. पहिल्या तारखेला दोघे वेगळ्या डब्यात बसले. दुसऱ्या तारखेला एकाच डब्यात, पण तोंडं फिरवून. तिसऱ्या तारखेला गाडी मुंब्र्याच्या पुढे अर्धा तास उभी राहिली आणि भाऊंनी डबा उघडला. तांदळाची भाकरी आणि सुकट. प्रतिवादीने नाही नाही म्हणत अर्धी भाकरी घेतली.

"तुमचं शपथपत्र चांगलं लिहिलंय," भाऊ म्हणाले.

"तुमचं प्रत्युत्तर पण," प्रतिवादी म्हणाला. "फक्त माझ्या आईचं मेडिकल खोटंय असं लिहायला नको होतं."

"ते वकील लिहितात. आईला बरं आहे का?"

त्या वेळी स्टे कायम झाला. मुरबाडचा माणूस आणखी एक वर्ष मुरबाडलाच राहिला. पुढल्या वर्षी भाऊंनीच त्याला विनंती बदलीचा अर्ज लिहून दिला, इतका भक्कम की तो एका फटक्यात ठाण्याला गेला. दिवाळीला तो मिठाई पाठवतो. या दोघांत कोण कोणाचं काय लागतं हे ठरवणं मला जमलेलं नाही.

गावात कोणी तुकाराम मुंढ्यांचं उदाहरण काढलं, की बघा, वीसच्या वर बदल्या झाल्या आणि साहेब बॅग उचलून निघतात, तर भाऊ चिडत नाहीत. "ते आयएएस. त्यांचं केंद्राचं न्यायाधिकरण वेगळं, कॅट," म्हणून विषय संपवतात. पण बदली झालेल्या जागी मुंढे काय करत होते, आणि न झालेल्या जागी आपण काय करतो, हा प्रश्न त्यात दडलेला असतो. तो भाऊंच्या कानांपर्यंत पोचत नाही.

कारण या कायद्याचं पूर्ण नाव 'महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५' असं आहे. भाऊ हे नाव घेताना 'विनियमन'पाशी थांबतात आणि पाणी पितात. पुढचं नाव त्यांच्या तोंडून मी ऐकलेलं नाही. त्यांच्या पुस्तकाची पहिली पानं बोटांच्या घामाने काळी पडली आहेत, आणि कलम ७ नंतरची छापखान्यातून आली तशी कोरी करकरीत. त्या पानांत नागरिकांची सनद आहे, आणि कलम १० आहे: कोणतीही फाइल कोणत्याही कर्मचाऱ्याकडे साधारणपणे कामाच्या सात दिवसांहून अधिक पडून राहता कामा नये. आणि भाऊंच्या टेबलावर, ज्या टेबलासाठी ते साठ किलोमीटर जातात त्याच टेबलावर, फायलींवर धूळ. तारखेला गेले की फाइल थांबली, तारखेची तयारी असली की थांबली, निकाल वाचायचा असला की थांबली. माणूस पैसे खात नाही, हे सगळे सांगतात. कामही करत नाही, हे खालच्या आवाजात सांगतात.

दोन वर्षांपूर्वी कार्यालयात नव्या मॅडम आल्या. वय भाऊंच्या मुलीएवढं. आदल्या साहेबांनी जाताना बजावलं होतं, याची बदली करू नका, तुमचंच शपथपत्र लिहिण्यात वर्ष जाईल. मॅडमनी बदली केली नाही. एका सोमवारी फक्त त्यांचं टेबल बदललं. आस्थापना शाखेच्या आतल्या कोपऱ्यातून उचलून दरवाजाजवळच्या आवक-जावक खिडकीवर. कार्यालय तेच, पद तेच, पगार तोच.

भाऊंनी रात्रभर पुस्तक काढलं. व्याख्या बघितली: एका पदावरून, कार्यालयातून किंवा विभागातून दुसऱ्या पदावर, कार्यालयात किंवा विभागात नेमणूक म्हणजे बदली. टेबलाचा उल्लेख नाही. सकाळी वकिलांना फोन केला. वकील इतका वेळ हसले की भाऊंनीच फोन ठेवला.

खिडकीवर पहिले चार दिवस त्यांनी मान वर केली नाही. पाचव्या दिवशी काल्हेरहून आलेल्या एका म्हातारीने सहाव्यांदा तोच अर्ज पुढे सरकवला आणि विचारलं, "पोरा, हा कागद आत जातो का नुसता पुढं-मागं फिरतो?" भाऊंनी आवक नोंदवही उघडली. तिचे आधीचे पाच अर्ज नोंदवहीत सापडले. शेरा कोणत्याच रकान्यात नव्हता. त्यांच्यातला वादी जागा झाला. त्या रात्री कलम ७ नंतरची पानं फुटली.

आता खिडकीशी जाऊन बघा. अर्जावर शिक्का मारला की भाऊ अर्जदाराच्या हातात चिठ्ठी देतात: आजची तारीख, सात दिवसांनंतरची तारीख, कलम १०. आठव्या दिवशी न आलेल्याला स्वतः फोन करतात. स्मरणपत्राचा मसुदा त्यांच्याकडे तयार असतो, शिस्तभंगाच्या तक्रारीचाही. त्यांच्याच शाखेतल्या, तीस वर्षं एका डब्यात जेवलेल्या सहकाऱ्याला त्यांनी तीन स्मरणपत्रं लावली आहेत, बिनचूक, जावक क्रमांकासह. लोकांची कामं होऊ लागली. कार्यालयातल्या माणसांची झोप उडाली.

मग निनावी अर्ज आला. सदर कर्मचारी जनतेस चिथावणी देतो, सबब त्याची तात्काळ अन्यत्र बदली व्हावी. अक्षर सगळ्यांच्या ओळखीचं, सही नाही. टपालाने आलेला, त्यामुळे खिडकीवरच आला. भाऊंनी पाकीट फोडलं, वाचलं, शिक्का मारला, आवक क्रमांक टाकला, झेरॉक्स काढून स्वतःच्या पिशवीत ठेवली आणि मूळ अर्ज घेऊन मॅडमच्या केबिनमध्ये गेले.

मॅडमनी वाचून चष्म्यावरून बघितलं. "काय करायचं भाऊ? लोक फारच मागे लागलेत. करू का मुरबाडला?"

"करा ना," भाऊ म्हणाले. त्यांचा चेहरा उजळला होता. "निनावी तक्रारीवरनं बदली. सोमेश तिवारी, दोन हजार नऊ, दोन एससीसी. सुप्रीम कोर्टानं उडवलीय अशी बदली, मॅडम. हे आमचे एकटेच जिंकलेले." मग दारापर्यंत जाऊन परत फिरले. "पन आदेश शुक्रवारी काढा. गुरुवारी काढलात तर दाढ दुखायला सवड मिळत नाय."

मॅडमनी अजून आदेश काढलेला नाही. निनावी अर्जाच्या फाइलीला आज सातवा दिवस आहे, आणि उद्याच्या स्मरणपत्राचा मसुदा भाऊंनी खिडकीवरच्या काचेखाली घालून ठेवलाय.